बाईंनी ठेवलेली नावं

पुण्यात नावं ठेवणाऱ्यांना तोटा नाही. पण कॉम्प्युटरातल्या फोल्डरांना नीट नावं ठेवणारी व्यक्ती मी एकच पाहिली, आमच्या बाई. नारायण पेठेतल्या पत्रिका छापायच्या दुकानात मी त्यांच्या हाताखाली कामाला लागलो, त्याच दिवशी त्यांनी माझ्या स्क्रीनवरचं 'न्यू फोल्डर' पाहिलं आणि विचारलं, "आपल्या घरी बाळाचं नाव 'नवीन बाळ' ठेवतात का?" झालं माझं स्वागत!

'फायनल', 'फायनल नवीन', 'फायनल हेच घ्या' असली नावं दिसली की त्या म्हणत, "संपलं म्हणायचं आणि पुन्हा सुरू करायचं, हे फक्त भाषणात शोभतं." त्यांची पद्धत ठरलेली होती. आधी आडनाव, मग कार्य, मग गाव. 'कुलकर्णी मुंज धायरी.' गिऱ्हाईक चष्मा शोधेपर्यंत पत्रिका स्क्रीनवर हजर.

'अंतिम' नावाचं फोल्डर मात्र श्रद्धांजलीच्या कार्डांसाठी राखलेलं. त्यातलं सगळं काळ्या शाईत छापायचं, मशीनवाल्याने विचारायचंसुद्धा नाही. मालकांना हे ठाऊक होतं. तरी स्वतःच्या मुलीची लग्नपत्रिका, व्याह्यांनी मानाची नावं वर-खाली करायला लावून पिळून काढल्यावर, त्यांनी वैतागून 'अंतिम'मध्ये टाकली आणि रात्रीचं जेवायला गेले. परत येऊन बघतात तर गणपतीसकट सगळा गठ्ठा काळा! सकाळी व्याही पत्रिका न्यायला येणार होते.

मालक गठ्ठा घेऊन बाईंच्या टेबलाशी आले. बाई म्हणाल्या, "अहो मालक, मुलीला नक्की सासरीच पाठवताय ना? तसं असेल तर फोल्डर बदलते."

मग घरी न जाता मशीनजवळ उभ्या राहून त्यांनी सगळ्या पत्रिका कुंकवाच्या रंगात पुन्हा छापून घेतल्या. व्याह्यांना शेवटपर्यंत काही कळलं नाही. त्या दिवशी मला बाई फार आवडल्या. अर्थात तसं तोंडावर म्हणायची सोय नव्हती.

गेल्या वर्षी बाई गेल्या. त्यांचं कार्ड करायला मालक स्वतः बसले.

"'अंतिम'मध्ये ठेवू?" मी विचारलं.

"नको," ते म्हणाले आणि नवं फोल्डर उघडून त्यात त्यांनी कार्ड ठेवलं.

कार्ड छापलं, वाटलं. फोल्डर अजून स्क्रीनवर तसंच आहे, 'न्यू फोल्डर'. बाईंनी पाहिलं असतं तर आमची धडगत नव्हती. त्या होत्या तोवर त्यांच्या पाठीमागे त्यांना नावं ठेवण्यात आम्ही कधी कसूर केली नाही. पण या एका फोल्डरला नाव ठेवायला काही हात धजावत नाही.