तात्यांच्या म्हशी, माझ्या गाई

ज्या कायम नोकरीवर माझा संसार उभा राहिला ती खरी तात्यांची होती, हे मी आजवर कोणाला सांगितलेलं नाही. बायकोलाही नाही. पण आधी तात्या कसे होते ते सांगतो, नाहीतर पुन्हा माझंच पुराण व्हायचं.

तात्या म्हशीशी बोलत आणि माणसांशी भांडत. नव्वदच्या दशकात आमच्या दूध संघात कृत्रिम रेतनाचं काम आम्ही दोघं करायचो. जनावर माजावर आलं की गोठ्यावर जाऊन ते भरवायचं. फटफटीवरून गोठवलेल्या रेताच्या कांड्यांचा नायट्रोजनचा डबा उतरवून तात्या आधी म्हशीपाशी जात आणि तिच्या पाठीवर हात ठेवून नुसते उभे राहत. मालक घाई करू लागला की म्हणत, "तुमच्याकडं न्हाय आलो मी, हिच्याकडं आलोय. हिला दम खाऊ द्या जरा." त्यांच्या घरी पूर्वी मेंढरं होती. जनावराची भीती आधी घालवायची, ही सवय तिथली.

गाय माजावर आली की हंबरून गल्ली गोळा करते. म्हैस मुकी राहते, उन्हाळ्यात तर फारच, आणि वेळ निघून जाते. म्हणून गाईंपेक्षा म्हशी कमी गाभण राहतात. या धंद्यातलं कोणीही हे सांगेल. मी डिप्लोमा करून नवा आलो तेव्हा वाटणी तात्यांनीच केली. अंथुर्ण्याकडच्या, कॅनॉलवरच्या संकरित गाई मला आणि लोणी भापकरकडच्या जिराईत पट्ट्यातल्या म्हशी त्यांना. "तुझा हात बसायचाय अजून. पहिल्याच साली म्हशी उलटल्या तर लोक दारात उभं करायचं न्हाईत." माझ्याकडची एखादी गाय गाभ न धरता सारखी उलटू लागली, की तीही ते आपल्याकडे घेत. मला ते 'डिप्लोमा' म्हणत. "डिप्लोमा, हातमोजा घालतोयस का लग्नाला निघालायस?"

त्यांनी भरवलेली म्हैस व्याली की खरवस त्यांच्या घरी पोचता होई. त्यातली वडी माझ्या डब्यात पडे. "खा. तुझ्या जर्सीला असला येत न्हाय."

भरवलेल्या शंभरांत गाभण किती, हे टक्के मात्र त्यांना काढता येत नसत. महिनाअखेरीला माझ्यासमोर बसकण मारून म्हणत, "मांड बाबा तुझं काय असंल ते. मला गाभण म्हस कळती, टक्का कळत न्हाय." मी मांडत असे.

मग संघानं ठरवलं की दोघांपैकी एकालाच कायम करायचं, ज्याचा टक्का जास्त त्याला, आणि दुसऱ्याला कमी करायचं. टक्का काढायचं काम साहेबांनी माझ्यावरच सोपवलं. सोपं जावं म्हणून दोघांची शंभर-शंभर जनावरं धरून सांगतो. माझ्याकडं नव्वद गाई, त्यातल्या चोपन्न गाभण, म्हणजे साठ टक्के. दहा म्हशी, त्यातल्या तीन, म्हणजे तीस टक्के. तात्यांकडं वीस गाई, त्याही माझ्या उलटलेल्या. त्यातल्या चौदा राहिल्या, सत्तर टक्के. ऐंशी म्हशींतल्या बत्तीस, चाळीस टक्के. म्हणजे गाईंत ते माझ्या पुढं, म्हशींतही पुढं. पण गाई-म्हशी एकत्र करून बेरीज घेतली की मी सत्तावन्न आणि ते शेचाळीस, कारण त्यांच्या वाट्याला म्हशीच जास्त.

हे सगळं मी मांडून पाहिलं होतं. साहेबांनी एकच आकडा मागितला होता. मी एकच दिला.

बैठकीत आकडे वाचले गेले. तात्या कुणाशी भांडले नाहीत. माझ्याकडे वळून म्हणाले, "डिप्लोमा, माझा हात एवढा वाईट हाय का रं?"

घरी माझं लग्न ठरलेलं होतं. मुलीकडच्यांनी 'कायम आहे ना?' असं दोनदा विचारलं होतं. मी म्हणालो, "बेरीज बरोबर आहे, तात्या."

"ह्यो म्हणतोय म्हंजी आसंल," असं साहेबांना म्हणून ते उठले. नायट्रोजनचा डबा त्यांनी माझ्या पायाशी आणून ठेवला. झाकण नीट बसलंय का तेही पाहिलं.

पुढच्या वर्षी म्हशी माझ्याकडे आल्या आणि माझा टक्का तात्यांच्या शेचाळीसच्याही खाली गेला. कायम माणसाचा टक्का कोण विचारतो? लोणी भापकरला एका म्हातारीनं मात्र तोंडावर ऐकवलं, "तुझा हात गार हाय. तात्याला का हाकलला रं तुमी?" मी म्हशीची शेपटी बाजूला धरली आणि हातमोजा चढवला.

तात्या मला शेवटचे भेटले ते सोमेश्वरनगरला, ऊसतोड्यांच्या तळावर. जुवानं सोललेल्या बैलांच्या खांद्यांना मलम लावत होते. मी सांगायचं ठरवूनच गेलो होतो. "तात्या, त्या दिवशीची ती बेरीज..." एवढंच बोललो.

"बरोबर व्हती न्हवं?" बैलाच्या खांद्यावरून नजर न काढता ते म्हणाले. "मग झालं." मलमाचा डबा पुढं ओढत म्हणाले, "ह्याचं शिंग धर जरा."

मी शिंग धरलं. त्यांना कळलेलं होतं की नव्हतं, हे मला अजून ठरवता आलेलं नाही.

तात्या जाऊनही आता बरीच वर्षं झाली. संघात त्यांचं नाव निघतं ते 'हात वाईट म्हणून काढलेला माणूस' असंच. तिथं, त्याच लोकांपुढं उभं राहून, तात्या गाईंतही माझ्या पुढं होते आणि म्हशींतही, एवढं सांगायचं देणं मी त्यांचं लागतो. अजून सांगितलेलं नाही.