दादूसला मिळालेला थांबखडा

पनवेलच्या खाडीकाठी आमच्या गावच्या मिठागरात थांबखडा सापडला तो माझ्या थोरल्या भावाला. दादूस अनवाणी मीठ ओढत होता, टाचेखाली काहीतरी गार लागलं. आमच्या लोकांना हा खडा माहीत आहे, पण एका पिढीला एखादाच दिसतो. राखाडी, सुपारीएवढा. मिठातच तयार होतो आणि चवीला मात्र अळणी. मरणाऱ्याच्या तळहातावर तो ठेवायचा आणि वरून आपला तळहात दाबायचा, की त्या दोघांपुरता वेळ लांबतो. बाहेर चहाला उकळी येते तेवढ्यात आत दिवसच्या दिवस जातात. मग खडा विरघळतो आणि माणूस जातो. सोबत एकालाच बसता येतं.

त्या वैशाखात बाबांची छाती भरली होती आणि डॉक्टरांनी येणं थांबवलं होतं.

बाबा पनवेलच्या बाजारात छापखान्यात अक्षरांचे खिळे जुळवायचे. बेचाळीस साली चोरून पत्रकं छापली म्हणून ते तुरुंगात गेले. सुटून आल्यावर त्यांनी त्याच पत्रकांवर माझ्याकडून अक्षरं गिरवून घेतली. ‘कमळ’ वाचायच्या आधी मला ‘धिक्कार’ वाचता आला. पुढे मिठागरातल्या मजुरांची पत्रकं मी लिहायचे आणि बाबा जुळवायचे. दादूस ती वाटायचा, पुष्कळदा उलटी धरून. बाबा तुरुंगात असताना घराचा भार त्याच्या अंगावर पडला होता आणि शाळा राहूनच गेली होती.

त्यामुळे बाबांजवळ कोण बसणार, हा प्रश्न मला पडलाच नव्हता. घरातल्या बायकांनाही नाही. आत बसणाऱ्याला भूक लागते, म्हणून पाण्याचे हंडे, पोहे आणि तांदळाच्या भाकऱ्या बरोबर द्यायच्या, अशी आमच्याकडे रीत आहे.

“किती थापू गं?” काकीने चुलीपाशी विचारलं.

“दोन टोपल्या. म्हातारा बोलका हाय,” आई म्हणाली.

“आनि पोरगी त्याच्यावर ताण. तीन टोपल्याच थापते.”

मी वेणी घट्ट बांधून खोलीत गेले. बाबा म्हणाले, “दादूसला पाठव.”

मी भडकलेच. “तो मुलगा म्हणून? मुलींना वाटा द्या असं तुम्हीच छापलंत ना?”

“मुलगा म्हणून नाही. तुझ्याशी माझं बोलून झालंय.”

“माझं नाही झालं.”

“तुझं या जन्मी व्हायचं नाही,” म्हणून ते हसले आणि त्यांना ढास लागली. जरा श्वास आल्यावर म्हणाले, “खडा कोणाच्या टाचेला लागला? जो राबेल त्याचं मीठ, हे कोणी लिहिलंय?”

मीच लिहिलं होतं. जाड टायपात, पहिल्याच ओळीत.

दादूस दारात उभा होता. “बाय, तूच बस. मला काय बोलायला सुचनार?”

तो मनापासून म्हणत होता, म्हणून मला त्याचा जास्तच राग आला. मिळतंय ते मिळतंय, वर मोठेपणाही त्यालाच. पण स्वतःच्या शब्दाविरुद्ध जाणं मला जमत नाही. मी बाहेर आले. दार लागलं. आईने आधण ठेवलं.

चहा वर आला आणि दार उघडलं. सकाळी गुळगुळीत असलेल्या दादूसच्या गालांवर दाट दाढी होती. गाल आत गेले होते, टोपल्या रिकाम्या होत्या. आई आणि काकी रडत बाबांकडे धावल्या. मी दाढीकडे बघत राहिले.

दादूसने फळीवरची औषधाची बाटली उचलली. चिठ्ठीवर नख टेकवून, बाबा खिळा पुढे सरकवत तसं एकेक अक्षर सरकवत तो म्हणाला, “जे-व-णा-नं-त-र.” मग आम्हा सगळ्यांकडे पाहिलं आणि ढसाढसा रडला.

त्याला वाचता आलं म्हणून मला आनंद व्हायला हवा होता. साक्षरतेवर मी किती पत्रकं लिहिली आहेत! पण बाबांनी अक्षरं शिकवलेली एकटी मीच होते, तेही आता राहिलं नाही. आणि मला त्यांनी शिकवलं ते कामावरून दमून आल्यावर, घाईघाईत. त्याला सबंध दिवस मिळाले.

“तुम्ही दोघं आत किती दिवस होतात?” मी विचारलं.

“बायला सांगू नको, म्हनले बाबा.”

“का?”

“ती मोजत बसल, म्हनले.”

दुपारी अंगणात न्हावी आला. बापाच्या मागे मुलाने केस उतरवायचे, दाढीही. दादूस मान खाली घालून बसला आणि काळे केस मातीत पडत गेले. बायका आत बाबांपाशी होत्या. मी वाकून त्यातला दाढीचा एक केस उचलला आणि बोटाच्या पेरावर धरून त्याची लांबी पाहिली.