पंधरावी खुंटी

गडचांदूरच्या बाजूला आमचं ज्वारीचं वावर होतं. एका हिवाळ्यात शेजाऱ्याच्या रानात लाल खुंटी दिसली. तिच्यावर दोन इंग्रजी अक्षरं अन् चौदाचा आकडा. लोक म्हणाले, विजेचा खांब येणार. मी दुसरीपर्यंतच शिकलो, पण दुसऱ्याच्या अंदाजावर कधी चाललो नाही. मी मागच्या आकड्यांच्या खुंट्या शोधत गेलो. तेरा सापडली, बारा सापडली, सगळ्या एका रेषेत. अक्षरं तीच, आकडा तेवढा बदलत होता. दोन खुंट्यांमध्ये दोनशे पावलं, अन् प्रत्येकीजवळ मुठीएवढं भोक, भोवती चुनखडीचा पांढरा भुगा. म्हणजे अक्षरं त्या भोकाचं नाव अन् आकडा त्याचा नंबर. खाली चुनखडी किती आहे, ते सिमेंट कंपनीवाले पाहून राह्यले होते. जमीन मागायची ती तयारी.

चौदापासून मी त्याच रेषेत दोनशे पावलं मोजली. पाय माझ्या वावराच्या मधोमध थांबले. तिथंच मी त्या वर्षीचं खळं केलं, शेणानं सारवलं, कणसं पसरली.

चार दिवसांनी कंपनीचा साहेब माणसं अन् भोक पाडायची मशीन घेऊन आला.

"पंधरावं भोक इथी पाडाचं आहे, मले माहीत आहे," मी म्हणालो. "पण खळ्यावर जोडे घालून कोणी चढत नाई."

"तुम्हाला कोणी सांगितलं, भाऊ?"

"तुमच्याच खुंट्यांनी."

साहेबानं आपल्या बुटांकडे पाहिलं. "बूट काढतो. पण मशीनचं काय?"

"तिचे बी काढा."

पंधरावी खुंटी शेवटी रस्त्याच्या कडेला ठोकली गेली. माझ्या वावराखालची चुनखडी त्यांच्या कागदावर आलीच नाही. वावर मी आजही कसतो.