गोठ्यातली कॅसेट

बघ, यातलं एक तरी खरं मानून दाखव. माझ्यावर विश्वास ठेवून अजून कोणाचं भलं झालेलं नाय. पण माझ्या दिराच्या, दत्तूच्या, बँडचे किस्से एवढे साठलेत की एक सांगायला गेलं की चार बाहेर पडतात.

दत्तू डिचोलीत खाणीचा ट्रक चालवायचा. सुट्टीला आमच्या गावी, हळर्णात येऊन दोन मित्रांबरोबर आमच्या गोठ्यात एकच कॅसेट भरली, 'तांबडी धूळ'. पोस्ट-पंक म्हणतात तिला, विलायती धांगडधिंग्याचा प्रकार. मला वाटलं, पत्रे पडले. आता शिकलेली माणसं सांगतात, ती ऐकून कुठकुठले बँड उभे राहिले!

तिसऱ्या गाण्यात गिटार मध्येच गप्प होते. पेपरात आलं, "काय धाडसी शांतता!" अरे, मला मिक्सरवर खोबरं वाटायचं होतं. जनेलातून हात घातला, त्यांचा प्लग काढला. टेप सेलवर चालायचा, म्हणून शांतता पण भरली. आता सगळे बँड तिथं थांबतात.

दत्तू भिंतीकडे तोंड करून गातो, त्याची पण नक्कल करतात. त्याचं तोंड दिसलं की म्हस दूध देईना, म्हणून मीच फिरवला त्याला.

फोंड्याचा एक बँड आला. विचारतात, कॅसेटीत ड्रमचा आवाज असा कोरडा कसा? म्हटलं, शेणानं सारवलेली जमीन. त्यांनी भाड्याचा फ्लॅट सारवला! मालकानं सामानासकट बाहेर काढलं. परत येऊन विचारतात, "आजी, शेण म्हशीचं की गायीचं?"

पण हळर्णात ती कॅसेट कोणी ऐकली नाय. दत्तूची साठी उलटली, गळा बसत चालला. गावच्या जत्रेत एकदा सगळी गाणी म्हणायची, एवढंच त्याच्या मनात. कमिटी म्हणे, जत्रेत नाटकच होणार, रीत आहे.

"वयनी, आता नाय तर कधी?" दत्तू म्हणाला.

"मग नाटकच कर. तोंड रंगव, राक्षस हो."

नांदी झाली, पडदा वर गेला. दत्तू राक्षस, बाकीचे दोघे दाढ्या लावून ऋषी. नवाच्या नऊ गाणी म्हटली. पहिल्या रांगेत कमिटीचे अध्यक्ष हाताची घडी घालून. एक टाळी नाय. पडदा खाली यायला लागला. दत्तूचं तोंड एवढंसं झालं, रंगातून पण दिसलं मला.

अध्यक्ष उठले. "थांबा. राक्षस अजून जिवंत आहे. नाटक संपलं कसं?"

दत्तू ऋषींकडे बघतो, ऋषी दत्तूकडे. राक्षसाला मारायचं कोणाच्या डोक्यातच नव्हतं.

"परत पहिल्यापासून घ्या," अध्यक्ष म्हणाले, आणि खुर्ची पुढं ओढून बसले.

जा आता. माझी आंघोळ राहिलीय.