दोन्या इदेल्मीचा तुंबा

देवासाठी करून आणलेला नैवेद्य मी सकाळी सव्वानऊ वाजता, पार्किंगच्या कडेला, गाडीच्या पायरीवर बसून पिऊन टाकला. चवीनं प्यालो, हे सांगायला लाज वाटते. मधे थांबून ओठ पुसले आणि बायकोला फोनही केला, "लांदी, आज मका चुन्यात शिजवायला विसरलीस वाटतं? पण मध घातलास ते झकास केलंस हं!"

"मध? कसला मध?" लांदी म्हणाली. "तुझा तुंबा इथं ओट्यावर पडलाय. न्यायला विसरलास तू."

मी मांडीवरच्या तुंब्याकडे पाहिलं. सुकवलेल्या भोपळ्याचा तुंबा, अगदी माझ्या तुंब्यासारखाच. फक्त हा सीटमागे होता आणि पांढऱ्या, भरतकाम केलेल्या कापडात गुंडाळलेला होता. ते कापड सोडताना मला वाटलं होतं, लग्नाला एकोणीस वर्षं झाली, आज हिला अचानक माझी माया आली. एवढ्यावरून तरी शंका यायला हवी होती.

आमच्याकडे चुन्याच्या पाण्यात शिजवलेला मका दळून, पाण्यात कालवून केलेलं पोसोले माणसांनी प्यायचं. बिनचुन्याच्या मक्याचा, मध घातलेला तो साका, आणि तो मालकांचा. मालक म्हणजे रानाचे आणि पाण्याचे, आपल्या आधीपासून इथं राहणारे. त्यांना दाखवून होईपर्यंत साक्याला कुणी तोंड लावायचं नाही. करणारीनं चाखायचासुद्धा नाही. मी जवळजवळ दीड लिटर चाखला होता.

तुंबा दोन्या इदेल्मीचा होता. दोन्या म्हणजे आमच्याकडे वडीलधाऱ्या बाईला मानानं मारायची हाक. इदेल्मी तुयूब, वय एकसष्ट, उंची माझ्या खांद्याच्या खाली. अंगात फुलाफुलांचा पांढरा झगा, डोक्यावर मेलेल्या नवऱ्याची हॅट आणि पाठीवर नातवाचं जुनं शाळेचं दप्तर. गेली अकरा वर्षं ती पाहुणे दाखवायला नेते आणि मी गाडी चालवतो. सकाळी जुन्या राजधानीचे पडके चौथरे आणि देवळं, दुपारी एखाद्या सेनोतेत, म्हणजे जमिनीच्या पोटातल्या पाण्याच्या कुंडात, डुंबणं, मग जेवण आणि परत. माणसं आठ, नववा नाही. गाडीत बारा जागा आहेत हे मी तिला दर हंगामात एकदा सांगून बघतो.

"नववा माणूस माझं बोलणं ऐकत नाही," ती म्हणते. "तो पुढच्याच्या हॅटकडे बघत उभा राहतो."

लहानपणी ती याच अवशेषांच्या फाटकाशी तिखट लावलेली संत्री विकायची. पुढं उत्खननवाल्या पंडितांच्या मातीच्या बादल्या वाहिल्या, आणि बादली उचलता उचलता त्यांच्या भांडणांतून सगळा इतिहास शिकली. वाटाड्याच्या परीक्षेत दोनदा नापास झाली. मोठ्या देवळाला पायऱ्या किती, असा प्रश्न होता, हिनं लिहिलं, "कुठल्या बाजूच्या? पूर्वेच्या तीन फुटल्यात." तिसऱ्या खेपेला परीक्षकच बदलला.

तिची कामाची रीत एकच, उन्हात बोलायचं नाही. कुठल्या दगडाची सावली किती वाजता कुठं पडते हे तिला पाठ आहे, आणि तिची माणसं सावलीतून सावलीत अशी सरकतात की उन्हात छत्र्या उंचावून उभे असलेले मोठ्या बसचे घोळके त्यांच्याकडे हेव्यानं बघतात. ते राजांची नावं ऐकत असतात. दोन्या म्हणते, "राजा कोण होता ते पाटीवर लिहिलंय, नंतर वाचा. एवढ्या माणसांना पाणी कोण पुरवत होतं ते मला विचारा." आमच्या मुलखात नदी नाही. पाणी सगळं चुनखडीच्या पोटात. छत कोसळलं की सेनोते उघडतो. म्हणून तिची गोष्ट देवळाशी सुरू व्हायची आणि पाण्यात संपायची.

पण ती संपायला जागा उरली नव्हती. आम्ही जायचो ते दोन्ही सेनोते एकेक करून बसवाल्यांनी धरले. तिथं आता गाणी लागतात आणि रांगेत पोहावं लागतं. शेवटचे काही महिने दोन्या पाहुण्यांना काठावर उभं करून घोगऱ्या आवाजात पाण्याची गोष्ट सांगायची आणि कुणाला काही ऐकू जायचं नाही. एकदा परतताना ती म्हणाली होती, "एल्मेर, अर्धीच गोष्ट सांगायची तर मी संत्री विकलेली बरी." ते ती चेष्टेनं बोलली नव्हती.

एक जागा शिल्लक होती, तात इसाउरोचा सेनोते. तात म्हणजे आमच्याकडे बापाच्या वयाचा माणूस. त्याच्या रानात, छताला एकच भोक असलेली गुहा. बरोबर बाराला त्या भोकातून उन्हाचा खांब सरळ पाण्यात उतरतो. प्लास्टिकच्या बाटलीत साका आणून "फोटो काढू का" विचारणाऱ्या एका कंपनीच्या माणसांना त्यानं काठी घेऊन रस्त्यापर्यंत पोचवलं होतं. दोन्या तीन वर्षं त्याच्याकडे जाऊन बसत होती. मागच्या आठवड्यात म्हातारा एकदाचा बोलला, "गुरुवारी आण तुझी माणसं. साका तू स्वतः करायचा. आणि खांब उभा आहे तोवर यायचं. उशीर झाला तर पुन्हा विचारू नकोस."

आज गुरुवार होता.

साडेनऊला ती अवशेष दाखवून सात पाहुणे घेऊन परतली. मी तुंबा पोटाशी धरून उभा होतो. सांगून टाकलं.

तिनं तुंबा माझ्या हातून घेऊन कानाशी हलवला.

"सगळा?"

"तळाला थोडा आहे."

"तोही पी. अर्धवट कशाला ठेवतोस?"

मग तिनं घड्याळ बघितलं. "आता गावात सगळ्यांच्या घरी मका चुन्यात पडलेला असणार. पण तुझी सासू कोंबड्यांना अख्खा मका घालते ना?"

"दोन्या, तिथं नको. लांदीनं तिला आत्तापर्यंत फोन केला असेल."

"मग निरोप द्यायचं काम वाचलं. काढ गाडी."

गाडीत तिनं पाहुण्यांना सगळं सांगितलं, माझं नाव न वगळता. मॉन्तेरेहून आलेल्या एका बाई म्हणाल्या, "पण कार्यक्रमात तर पोहणं लिहिलंय." दोन्या म्हणाली, "पोहणारच. आधी आपण कामाला लागलोय हे मालकांना दाखवू." सगळ्यात मागे यॉस्ट नावाचा डच आजोबा बसला होता. चाळीस वर्षं पाव भाजलेला माणूस. त्यानं हातावर हात चोळले आणि विचारलं, "दळायला माणूस लागेल का?"

सासूबाई दारातच उभ्या होत्या. "या, जावई! जेवणार, की देवाचं खाऊन पोट भरलंय?"

शेजारच्या दोन घरांतून हसणं ऐकू आलं. बातमी माझ्या आधी पोचली होती. मी खाली मान घालून सरपण आणायला गेलो.

मका निवडला, धुतला, चुलीवर चढवला. दाणा मऊ व्हायला तास तरी हवा, आणि मक्याला कुणाच्या घड्याळाशी देणंघेणं नसतं. पाहुणे परसात पसरले. दोन जर्मन मुली टरबुजाच्या बिया सोलत बसल्या. मॉन्तेरेच्या बाई "मला स्वयंपाकाचा कंटाळा आहे म्हणूनच मी फिरायला येते" असं म्हणत चुलीला फुंकर घालू लागल्या. दोन्या मात्र एकदा आभाळाकडे आणि एकदा आंब्याच्या सावलीकडे बघत होती. सावली खोडाजवळ यायला लागली होती. अकरा वर्षांत मी तिला सावलीला घाबरलेलं पहिल्यांदाच पाहिलं.

मका निवेपर्यंत थांबायला वेळ नव्हता. यॉस्ट आजोबानं हाताची चक्की अशी फिरवली की सासूबाई मला ऐकू जाईल अशा बेतानं म्हणाल्या, "हा माणूस कुणाचा जावई आहे?" दोन्यानं पीठ पाण्यात कालवलं, मध ओतला, आणि सवयीनं बोट तोंडाकडे जाणार तेवढ्यात ते झग्याला पुसलं.

रानात पोचलो तेव्हा बारा वाजून वीस मिनिटं झाली होती. तात इसाउरो गुहेच्या तोंडाशी तिपाईवर बसला होता, अनवाणी, गुडघ्यांवर काठी.

"खांब मोडला," तो म्हणाला. "आता भिंतीवर गेलाय."

"हो," दोन्या म्हणाली. तिनं हॅट काढून हातात घेतली. "पहिला साका वाटेत पिऊन झाला. हा दुसरा. केला मी, दळला यांनी. म्हणून उशीर."

"कोण प्यालं?"

ती माझं नाव घेणार नाही असं मला उगाच वाटलं. तिनं हनुवटीनं माझ्याकडे दाखवलं.

म्हाताऱ्यानं मला जवळ बोलावलं. काठीच्या टप्प्यात. "कसा होता?"

मी खरं सांगितलं. "गोड होता, तात. मध सढळ हातानं घातला होता."

म्हाताऱ्याचे खांदे हलायला लागले. हसत होता. "मी सात वर्षांचा होतो. बापानं साका शेतात फांदीला टांगून ठेवला होता मालकांसाठी. शिडी लावून प्यालो सगळा."

"मग?" मी विचारलं.

"मग काय? बापानं मला झोडपलं आणि घरी जाऊन पुन्हा करून आणला. मालक काय उपाशी राहणार होते?" तो काठी टेकत उठला. यॉस्टचा हात उलटून त्यानं तळव्यावरचे फोड बघितले. "या. आंघोळ करून आत उतरा. अंगाला लावलेलं ते पांढरं मलम पाण्यात नको."

साका चार दिशांना शिंपडला, तातानं हळू आवाजात मालकांना हाका मारल्या, आणि उरलेला सगळ्यांना वाटीवाटीनं मिळाला. मला वाटी देताना तात म्हणाला, "याला अर्धीच."

पाण्यात उन्हाचा खांब नव्हता. पण भिंतीवरून परतलेल्या उजेडानं पाणी तळापर्यंत निळं दिसत होतं आणि झाडांची मुळं दोरांसारखी वरून खाली लोंबत होती. पाहुणे पाठीवर तरंगत होते. दोन्या काठावर पाय सोडून बसली, मासे तिच्या टाचा कुरतडत होते, आणि ती आपली गोष्ट सांगत होती. ओरडावं लागत नव्हतं. ही राजधानी कुणाच्या घागरीवर उभी होती ते ती सांगत होती आणि तरंगणारे सातही जण ऐकत होते. मॉन्तेरेच्या बाई तर पाण्याबाहेर यायलाच तयार नव्हत्या.

निघताना तात म्हणाला, "गुरुवार तुझा. आठच माणसं."

"आठच आणते मी."

"आणि हा?"

"हा गाडीबरोबर येतो," ती म्हणाली. "वेगळा मोजत नाही."

संध्याकाळी तिला घरी सोडलं. दिवसभर मी बोलणी खायची वाट बघत होतो, आणि ती मात्र मागच्या सीटवर डोळे मिटून मंद हसत आली होती. रिकामा तुंबा कापडात नीट गुंडाळून तिनं दप्तरात ठेवला. मला राहवेना.

"दोन्या, खरं सांगा. घाईघाईत केलेला हा दुसरा साका पहिल्याइतका चांगला झाला होता का हो?"

दार लोटता लोटता ती म्हणाली, "पहिला कसा होता ते तुलाच ठाऊक."