पिवळ्या पत्रकातला एक परिच्छेद

नाव न घेता एखाद्या बाईला अख्ख्या गावासमोर उभं करता येतं, हे तुम्हाला माहीत आहे का? मला ते पीएचडीच्या तिसऱ्या वर्षी कळलं.

मी बाराखडी गिरवली ती पत्रकांच्या कोऱ्या बाजूवर. सोलापुरात यंत्रमागावर काम करणारे वडील संध्याकाळी कामगार संघटनेच्या पत्रकांच्या घड्या घालत बसायचे. जे खरं आहे ते छापायचं, एवढाच आमच्या घरातला धर्म. पुढे मी विषय घेतला अमली पदार्थांची वाहतूक आणि तालुक्याचं राजकारण. आत्या नव्या पेठेत साडी निवडता निवडता दुकानदाराला म्हणाली, "आमची भाची गांजात डॉक्टर होणार हाय." दुकानदार हसला, मीही हसले.

काम मात्र रुक्ष होतं. कोर्टात बसून निकालपत्रं उतरवायची. प्रत्येकात ड्रायव्हरचं नाव असायचं. गाडी कोणाची, माल कोणाचा, याचं उत्तर पुढे कुठे सापडायचं नाही.

त्यातल्या एका ड्रायव्हरची बायको माझ्याशी बोलायला तयार झाली. गाव सांगोल्याकडचं की करमाळ्याकडचं, ते या वेळी सांगणार नाही. ट्रकमध्ये डाळिंबाच्या क्रेटखाली गांजाची पोती सापडली आणि तिचा नवरा आत गेला. ज्याचा ट्रक होता, त्याच्याच टँकरने गावाला पाणी यायचं आणि निवडणुकीत त्याचाच शब्द चालायचा. तिने हे सगळं सांगितलं, कारण नाव लिहिणार नाही असं मी कबूल केलं होतं.

मी नाव लिहिलं नाही. पण तिच्या हकिकतीवरचं प्रबंधातलं प्रकरण माझ्याच्याने कपाटात ठेववेना. त्याचं दोन पानी पिवळं पत्रक काढलं आणि गावोगाव वाटलं. ती कशी राहते हे वाचणाऱ्याच्या डोळ्यांसमोर यावं म्हणून तिच्या अंगणातल्या एका वस्तूचं वर्णन केलं. तशी वस्तू त्या गावात एकाच अंगणात होती.

महिन्याभराने मी तिच्याकडे गेले. टँकर तिच्या दारावरून न थांबता पुढे जायला लागला होता. तरीही तिने तांब्या माझ्यापुढे ठेवला. ते पाणी तिने लांबच्या विहिरीवरून डोक्यावर आणलेलं होतं. मी काही बोलायच्या आत ती म्हणाली, "नाव न्हाय लिवलंस, खरं हाय. पर घर लिवलंस की, पोरी."

ती रागावली असती तर बरं झालं असतं.

प्रबंधातून मी तिची सगळी हकिकत काढून टाकली. मार्गदर्शक सर म्हणाले, प्रकरण लंगडं झालं. झालं खरं. मग दोन रविवार मी पत्रकं परत मागत हिंडले. बरीच मिळाली. साडीच्या त्याच दुकानदाराने मात्र गल्ल्याखालची प्रत दिली नाही. लई चांगलं लिहिलंय, म्हणाला, आणि फोटो काढून चार जणांना पाठवल्याचंही कौतुकाने सांगितलं.

ट्रकमालकाबद्दल लिहिलेलं मी मागे घेत नाही. ते पुन्हा लिहीन, माझ्या नावाने. पण टँकर अजून तिच्या दारी थांबत नाही, आणि पत्रक हातोहात फिरतं आहे तोवर तिच्याबद्दलची कुजबुज थांबणार नाही. म्हणून एवढं करा. ते पत्रक तुमच्याकडे असेल, तर दुसऱ्या पानावरचा मधला परिच्छेद शाईने काळा करा. फोनमधला फोटो पुसून टाका. आणि ते घर तुम्ही ओळखलं असेल, तर कोणालाही सांगू नका.