मशीनच्या खाचेतलं कुंकू

स्पिरिटचा वास आला की मला कुंकू आठवतं. फायबर केबल जोडायचं पहिलं मशीन घेतलं त्या वर्षी, दसऱ्याच्या दुसऱ्या दिवशी, चौक गावापाशी हायवेकडेला तुटलेली केबल जोडायला बसलो होतो. काळं कव्हर सोललं, आतल्या केसासारख्या काचेच्या तारा स्पिरिटनं पुसल्या आणि मशीनचं झाकण उघडलं, तर तारा बसवायच्या खाचेत हळदकुंकू. तिथं धुळीचा कणही चालत नाही. नेट कधी येतंय म्हणून ढाब्यावरची माणसं भोवती उभी होती, त्यांच्यादेखत सुपरवायझर म्हणाला, "लगीन लावलंस का रं मशीनचं?" सगळे हसले. मान खाली घालून ब्रशनं खाच झाडत राहिलो, पण एकही जोड नीट बसेना, शेवटी दुसऱ्याचं मशीन मागवलं. घरी आलो तर आई दारातच, "चाललं ना रं चांगलं? वरनं लावून काय उपेग, म्हनून झाकन उघडून आत लावलं." मी म्हणालो, "एकदम मस्त चाललं." तेव्हापासून ती दर दसऱ्याला आतच लावते. हल्ली मी बंद पडलेलं ते जुनं मशीन पाटावर ठेवतो. ती त्याच्याकडे माझ्यासाठी यश मागते, नवं बाहेर स्कूटरच्या डिकीत असतं, आणि मला तिच्याकडे बघवत नाही.